मडिकेरीचा घुमट आणि चुकून वाहिलेला नारळ

इतक्या वर्षांत यांना कंपनीने मागूनही सलग चार दिवस सुट्टी दिली नव्हती. यावेळी न मागता आठवडाभराची दिली. मोठे साहेब म्हणाले, "भाभीजी को लेकर जरा घूम आइए। आकर इन्क्वायरी में दो लाइन बोलनी हैं, बस।"

त्या दोन ओळी अशा होत्या: मशीन ठीक होतं. चूक कामगाराची होती.

आम्ही मानेसरला राहतो. हे गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या एका कारखान्यात शिफ्ट सुपरवायझर आहेत. यांच्याच शिफ्टमध्ये एक कामगार पत्रा दाबणाऱ्या प्रेसमध्ये सापडला आणि जागच्या जागी गेला. प्रेसच्या पुढची जाळी उघडली की मशीन आपोआप थांबायला हवं. माल लवकर निघावा म्हणून ते थांबणं वरच्यांनी बंद करायला लावलं होतं, आणि यांना ते ठाऊक होतं. त्या दिवसापासून हे पानावर बसत, दोन पोळ्या खात, पण तोंडातून शब्द नाही. रात्री कूस बदलत राहायचे.

प्रवासाच्या लिखाणात हे कशाला, असं तुम्हाला वाटेल. मलाही वाटलं होतं. हेच म्हणाले, "लिहिणार असशील तर सगळं लिही. नाहीतर नुसते फोटो टाक."

जायचं कुठे, ते मी ठरवलं. रोज आंघोळीच्या वेळी सात नद्यांची नावं घेते. त्यातली कावेरी कधी पाहिली नव्हती. ती कर्नाटकात मडिकेरीच्या डोंगरात उगम पावते. मडिकेरी ही कोडगूच्या, म्हणजे कूर्गच्या राजांची जुनी राजधानी, थंड हवेचं गाव. म्हटलं, देवदर्शनही होईल आणि यांना मोकळी हवाही मिळेल.

निजामुद्दीनहून म्हैसूरपर्यंत थेट जाणारी गाडी आठवड्यातून एकदाच असते, त्यामुळे तिकीट आधी काढा. आम्ही स्लीपरने गेलो. दशम्या, शेंगदाण्याची चटणी आणि लोणचं बरोबर घेतलं, म्हणून वाटेत चहाशिवाय खर्च झाला नाही. हे वरच्या बाकावर भिंतीकडे तोंड करून पडून होते. समोरच्या बाई म्हणाल्या, "भाईसाहब की तबीयत ठीक नहीं क्या?" मी म्हटलं, "थकले आहेत." मराठीतच म्हटलं, त्यांना काय कळलं असेल देव जाणे.

म्हैसूरच्या स्टँडवरून मडिकेरीला सरकारी बस सारख्या सुटतात. साधी बस घेतली तरी चालते, रस्ता चांगला आहे. कुशालनगरपाशी पूल लागला आणि कंडक्टर म्हणाला, "कावेरी." मी घाईने हात जोडले. यांना म्हटलं, "अहो, बघा ना!" हे दुसऱ्या खिडकीकडे बघत होते. त्यानंतर घाट, कॉफीचे मळे, आणि उंच झाडांना बिलगलेले मिऱ्यांचे वेल. गार वारा आत आला तसा मी यांच्या गळ्याला मफलर गुंडाळला. यांनी गुंडाळू दिला.

उतरलो मुत्तम्मा अक्कांच्या घरी. तिथे मोठ्या बहिणीला अक्का म्हणतात, मीही तेच धरलं. त्यांचे यजमान फौजेत होते, त्यामुळे अंबाल्यात, दिल्लीत राहून अक्कांची हिंदी माझ्यापेक्षा खणखणीत. एक खोली भाड्याने देतात आणि सांगितलं तर जेवणही. कोडगूत डुकराचं मटण फार. मी आधीच फोनवर सांगितलं होतं की आम्ही शाकाहारी. अक्कांनी तांदळाच्या भाकऱ्या, भोपळ्याची भाजी आणि वाफवलेले तांदळाचे गोळे केले. हॉटेलपेक्षा निम्म्या खर्चात पोट भरतं. अक्कांच्या साडीच्या निऱ्या पाठीमागे खोचलेल्या. मी बघत राहिले तशा हसल्या. "कावेरी माई का काम है। नदी बनकर निकलीं, तो पानी के जोर से औरतों की चुन्नट पीछे घूम गई। तब से ऐसे ही।"

पहिल्या दिवशी किल्ला पाहिला. तो गावातच आहे, चालत जाता येतं. आत राजवाडा, आणि अंगणात चुन्याचे दोन हत्ती, अगदी खऱ्याएवढे. लोक सांगतात की राजाने रागाच्या भरात आपलेच हत्ती मारले, मग पस्तावला आणि त्यांच्या जागी हे उभे केले. हे एका हत्तीच्या सोंडेवर हात ठेवून बराच वेळ उभे राहिले.

तिथून निघालो तर खाली खोलगट जागी तळं, त्याच्या पलीकडे मोठा घुमट आणि चार कोपऱ्यांना चार मिनार. मी म्हटलं, "इथेही मकबरा!" दिल्लीच्या आसपास इतकी वर्षं काढल्यावर घुमट दिसला की खाली कबर असणार, हे डोळ्यांनाच ठाऊक. मला देवळात जायचं होतं. पुढे रिक्षा करून गावाच्या टोकाच्या टेकडीवर गेलो. तिथेही घुमट, पण कोपऱ्यांवर दगडी नंदी बसलेले! नंदी म्हणजे महादेवच. दार बंद होतं. मी उंबऱ्यावर हळदकुंकू वाहिलं, नारळ ठेवला, आणि यांच्या मनातलं ओझं उतरू दे म्हणून डोळे मिटून मागणं मागितलं.

रात्री जेवताना अक्कांना सांगितलं तर त्यांनी कपाळाला हात लावला.

"अरे दीदी! वो तो राजाओं की समाधि है। गद्दिगे। नीचे तालाब वाला मंदिर है, ओंकारेश्वर!"

राजे लिंगायत होते, त्यामुळे त्यांना पुरत. समाधीवर म्हणून नंदी. मी शरमले. बाईमाणसाने इतकं देवदेव करावं आणि देऊळ सोडून थडग्यापुढे नारळ ठेवावा! अक्का पोट धरून हसत होत्या. आणि कितीतरी दिवसांनी हेही हसले, अगदी थोडंसं.

दुसऱ्या दिवशी सकाळी अक्का स्वतः आमच्याबरोबर आल्या. तळ्याच्या मधोमध छोटा मंडप आहे, तिथपर्यंत दगडी वाट जाते. पाण्यात मासे. देवळाच्या खिडक्यांना धातूचे गज आहेत, त्यांवर राजाच्या नावाचं अक्षर. मंडपाच्या पायरीवर बसून अक्कांनी गोष्ट सांगितली.

राजाने एका ब्राह्मणाला मारवलं. माणूस सरळ होता, त्याचा काही गुन्हा नव्हता, फक्त तो राजाच्या आड येत होता. मेल्यावर तो ब्रह्मराक्षस झाला. राजाला रात्री झोप लागेना. डोळा लागला की तो समोर उभा. शेवटी जाणत्यांनी सांगितलं, काशीहून लिंग आण आणि देऊळ बांध. मग हे देऊळ उभं राहिलं.

"फिर नींद आई राजा को?" यांनी विचारलं. त्या प्रवासात यांनी आपणहून विचारलेली ती पहिली गोष्ट.

"कहते हैं, आई।"

"उस ब्राह्मण का नाम क्या था?"

अक्का विचारात पडल्या. "सुना तो होगा कभी... याद नहीं।"

हे गजांकडे बघत होते. मग माझ्याकडे वळून मराठीत म्हणाले, "राजाचं नाव गजागजावर आहे. मेला त्याचं कुणाला आठवत नाही."

मी हातातली पूजेची पिशवी पायरीवर ठेवली.

"बृजेश," हे म्हणाले. "त्याचं नाव बृजेश होतं. घरात मी एकदाही घेतलं नाही."

खरंच घेतलं नव्हतं. आम्ही दोघं 'तो मुलगा' म्हणायचो, ते 'प्रकरण' म्हणायचो. अक्कांना मराठी येत नव्हती, पण त्या उठल्या आणि माशांना कुरमुरे टाकायला पलीकडे गेल्या.

"त्याची बायको या महिन्यात खोली सोडून गावी जाणार आहे," हे म्हणाले. "ती जायच्या आत मला परत पोचायचंय. इन्क्वायरीतही बोलायचंय. पण त्या दोन ओळी नाही."

"नोकरी?"

"बघू."

तिसऱ्या दिवशी आमचं कावेरीच्या उगमावर, तळकावेरीला जायचं ठरलं होतं. त्यासाठीच मी एवढ्या लांब आले होते. मी गाभाऱ्यासमोर जाऊन उभी राहिले. घंटा वाजवली, पण काही मागितलं नाही. बाहेर येऊन म्हटलं, "चला, सामान आवरते."

मग मला आठवलं आणि पायच थबकले. "अहो, मी नारळ ठेवला तिथे याच राजाची समाधी असेल तर? ज्याने मारलं त्यालाच नारळ वाहिला मी!"

यांनी चपला घातल्या. "असू दे. त्यालाही कुणीतरी ठेवायलाच हवा होता."

परतीचं तिकीट रद्द केलं आणि बंगळूरहून तत्काळमध्ये दुसरं काढलं. पैसे गेले. मी हिशेबाच्या वहीत 'प्रवास' या सदराखालीच लिहिले, वेगळं कारण नाही लिहिलं. तुम्ही मात्र अशी घाई करू नका. मडिकेरीला तीन दिवस तरी ठेवा, त्यातला एक तळकावेरीसाठी. देवळात सकाळी लवकर जा, आणि घुमट बघून फसू नका.

इन्क्वायरीत हे बोलले. जाळीचं, वरून आलेल्या हुकमाचं, आणि आपल्याला ठाऊक होतं तेही. आता यांना शिफ्टवरून काढून गोदामात बसवलंय. पुढे काय होईल ते माहीत नाही. बृजेशच्या बायकोची भरपाई अजून अडकलेलीच आहे.

आम्ही तिच्या खोलीवर गेलो होतो. बोचकी बांधून ठेवलेली. यांनी उभ्यानेच सगळं सांगितलं. तिने ऐकून घेतलं आणि म्हणाली, "ये बात उसी दिन बोल देते।"

"हाँ," हे म्हणाले. एवढंच. तिने बसा म्हटलं नाही, आणि तसं म्हणावं अशी आमची अपेक्षाही नव्हती.

यांना अजून सगळ्या रात्री झोप लागते असं नाही. पण जेवताना बोलतात. परवा म्हणाले, "तुझी कावेरी राहूनच गेली."

मी म्हटलं, "राहिली कुठे? पुलावरून दोनदा दिसली की."

जाताना हे दुसऱ्या खिडकीकडे बघत होते. येताना मला डुलकी लागली होती, तेव्हा यांनीच खांद्याला हात लावून उठवलं. "अगं, ऊठ. कावेरी आली."