आधी मी

शेवटचा आला तेव्हा विल्सनदादा जेवला नाही. मुंबईहून कुठेही निघाला तरी वाट वाकडी करून तो श्रीरामपूरला आमच्याकडे उतरायचा, भाकरी-ठेचा खायचा आणि मगच पुढे जायचा. त्या दिवशी ताट बाजूला सारून तो दारातल्या खाटेवर बसला. मी चहा दिला तर म्हणाला, "वारा लई हाय गं, सुशे." खर्ड्याजवळच्या माळावर एका मालिकेचं चित्रीकरण होतं. मी म्हटलं, "मग नको जाऊस." तो नुसता हसला. चौथ्या दिवशी दुपारी फोन आला…

माझा हा थोरला भाऊ चर्चमागच्या वस्तीतून मुंबईला गेला तो नायकांच्या जागी उड्या मारायला. जिन्यांवरून, घोड्यांवरून, पेटत्या गाड्यांमधून… पडायचा तो आणि टाळ्या दुसऱ्याला. आई थिएटरात जायची आणि नेमक्या त्याच्याच दृश्याला डोळे मिटायची. पुढे तो फाइट मास्टर झाला. आता उड्या दुसरे मारणार, हा फक्त इशारा देणार. आईला वाटलं, सुटलो. पण वर्षभरातच त्याच्या इशाऱ्यावर उडी घेतलेला रमेश, त्याचा खोलीतला सोबती, खाली रचलेल्या पुठ्ठ्याच्या खोक्यांबाहेर पडला आणि जागीच गेला. दादा मला एवढंच म्हणाला, "त्यानं माझ्याकडं बघितलं हुतं. मी हात खाली केला." तेव्हापासून त्याचा एकच नियम, कुठलीही उडी आधी मी. कामं कमी झाली, गुडघे गेले, साठी आली, नियम सुटला नाही. मला मात्र त्या दोन शब्दांची धास्ती बसली. अवेळी फोन वाजला की तेच कानात घुमायचे.

खर्ड्याला काय घडलं ते दादाच्या हाताखाली उड्या मारणाऱ्या शबानाने महिन्याभराने घरी येऊन सांगितलं. क्रेनच्या तारेला लटकून उडी तिलाच घ्यायची होती. सकाळी दादाने तपासलेली क्रेन दुपारी बदलली, वाराही वाढला.

"मास्तर म्हणाले, आज नको. पण मालिकावाल्यांना आजच हवं होतं. मग मास्तरांनी माझ्या कमरेचा पट्टा सोडला आणि स्वतःला बांधला. मी म्हटलं, मास्तर, हे माझं काम आहे. तर म्हणाले, तुझं नंतर…"

तार निसटली तेव्हा तो पट्टा त्याच्या कमरेला होता.

"मी अजून काम करते," ती खाली बघत म्हणाली. "पण आधी विचारते, तार कोणी तपासली. दोन ठिकाणांहून परत पाठवलं."

मग तिला जरा मोकळी हवा हवी होती, म्हणून आम्ही गच्चीवर गेलो. लोखंडी कठड्याला टेकण्याआधी तिने तो दोन्ही हातांनी धरून हलवला. दादाही दर खेपेला अगदी असंच करायचा. शेवटच्या खेपेला मात्र चहानंतर इथे वर येऊन तो हात न लावताच टेकला होता, बराच वेळ…

"ताई, इकडे उभ्या राहू नका," शबाना म्हणाली. "हा ढिला झालाय."