दुर्गाबाईची रिकामी वाटी

मेडशीत दुर्गाबाईला ओळखत नाही असा माणूस एकतर परगावचा असतो, नाहीतर कानाने अधू. तिचं आणि आमचं घर एका भिंतीचं, त्यामुळे माझी तर सुटकाच नाही. वय विचारलं की सांगते, "धम्मदीक्षेच्या साली मी मायच्या कडेवर होती, आता तूच मोज." जन्मभर दुसऱ्यांच्या सोयाबीनात निंदण केलं. नवरा लवकर गेला, एकटीने पोराला शिकवलं. तो उत्कर्ष आता पुण्याला नोकरीला आहे, आईला सारखा बोलावतो. ही जात नाही. म्हणते, "तिथं भिंतीपल्याड कोन राहते तेच मालूम नाई. भांडाव कोनासंगं?"

आजारी पडणं तिला ठाऊकच नाही. कोरोनात अख्खी गल्ली खोकत होती आणि ही दारोदार काढा घेऊन फिरत होती. माझं मत असं, की आजार तिच्या दारापर्यंत येतो, आवाज ऐकतो आणि माघारी फिरतो.

शास्त्रज्ञांचं मत मात्र वेगळं पडलं. फेब्रुवारीत सपना आली. आमच्या तालुक्याच्या मालेगावचीच मुलगी, पुण्याच्या एका प्रयोगशाळेत पीएच.डी. करते. अंगात शिरलेल्या जंतूंशी लढणाऱ्या पांढऱ्या पेशी म्हातारपणी का थकतात, आणि काहींच्या का थकत नाहीत, हा तिचा विषय. आधी थोडं रक्त घ्यायचं, मग फ्लूची लस टोचायची आणि महिन्याने पुन्हा रक्त. लस पाहून पेशी काय शिकल्या, ते दोन्ही रक्तं शेजारी ठेवल्यावरच कळतं. सगळ्यात आधी दुर्गाबाईने हात पुढे केला. मागोमाग गल्लीतल्या साऱ्या म्हाताऱ्या.

महिन्याने, ऊन चांगलं तापल्यावर, सपना परत आली. दुर्गाबाई पदराखाली हात घेऊन बसलेली.

"आजी, हात द्या न."

"नाई देत."

"काहून?"

"माही वाटी रिकामी आली."

सपनाने माझ्याकडे पाहिलं. शहरात राहून पोरगी विसरली होती. शेजाऱ्याने वाटीभर काही दिलं, की ती वाटी रिकामी परत जात नाही. चिमूटभर साखर का होईना, घालून देतात. दुर्गाबाई या बाबतीत पोलिसापेक्षा कडक. ज्यांच्या शेतात ती कामाला जायची त्या उकंडरावांच्या घरून एकदा तिची लोणच्याची वाटी धुऊनपुसून रिकामी आली. ही त्यांच्या अंगणात जाऊन वाकून वाकून शोधायला लागली. "वाटीतलं काई सांडलं का, पाहून राह्यली," म्हणे. त्यांच्या सुनेने मूठभर शेंगदाणे आणून दिले तेव्हा कुठे हिची कंबर सरळ झाली.

सपनाने घाईघाईने पिशवीतून सफरचंदं काढली.

"हे आजाऱ्याले देतात. मी तुले आजारी दिसून राह्यली?"

"मंग काय पायजे तुमाले?" पोरीची पुण्याची भाषा एका झटक्यात उतरली.

"माहं काय नेलं, ते दाखव."

"ते पुण्यात गोठवून ठेवलं, आजी. जित्तं आहे."

"गोठवलं, अन् जित्तं? मले गोठवलं तर राहीन का मी जित्ती?"

"कोनी तुमच्याबद्दल वाईट बोललं तर ताडकन उठून बसाल, मावशी," मी म्हटलं. पाठीत एक धपाटा मिळाला.

सपनाचे डोळे भरून आले. दुपारी चारला गाडी नमुने घेऊन निघणार होती. दुर्गाबाई नाही म्हणाली म्हणजे एकही म्हातारी हात देणार नव्हती, आणि दुसरं रक्त नाही तर आधीचं सगळं वाया. तिने डोळे पुसले आणि माझ्या नवऱ्याची मोटरसायकल मागितली. मी आपली मागे बसले. अशी गंमत मी कशी सोडू? मालेगावला तिच्या जुन्या कॉलेजातून सूक्ष्मदर्शक मागून घेतला आणि येताना तान्ह्या लेकरासारखा मांडीवर धरून आणला.

गावात लाईट नव्हती. पण यंत्राच्या पोटाखाली आरसा होता, त्याने दारातलं ऊन पकडलं. सपनाने दुर्गाबाईचं बोट टोचलं, थेंब काचेवर घेतला, वर दुसरी काच ठेवली.

"नुसते काळे केस दिसून राह्यले."

"त्या तुमच्या पापण्या आहेत. जरा मागं सरका."

दुर्गाबाई सरकली आणि पुन्हा डोळा लावला.

"बुंदी सांडल्यावानी आहे," ती हळूच म्हणाली. "अन् हे एक कोन? सारे जागच्या जागी आहेत, हे एकटंच सरकून राह्यलं. मधातच थांबते, इकडं तोंड घालते, तिकडं घालते."

"तीच पांढरी पेशी!" सपना नाचायलाच लागली. "प्रयोगशाळेत एसी असते, तिथं खालून गरम करावं लागते तेव्हा चालतात. इथं पत्र्याखाली पहा कशी पळून राह्यली! घरोघर डोकावते, बाहेरचं कोन आलं ते पाहते."

मी तोंड उघडलंच होतं, की मावशी, ही तर तुमच्यावरच गेली. पण दुर्गाबाईने काचेवरचा डोळा न काढता मला मागे टाकलं.

"हे तं तूच होय वो! दुसऱ्याच्या घरात डोकावल्याशिवाय तुले तरी कुठं करमते?"

तेव्हापासून गल्लीत माझं नाव 'पांढरी पेशी' पडलं आहे. राग नाही. त्या नावाला निदान विज्ञानाचा आधार आहे.

मग दुर्गाबाईने स्वतःहून बाही वर केली. बाकीच्या म्हाताऱ्यांनी अट घातली, आधी आमचंही दाखव. सपना एका हाताने काचा बदलत होती, दुसऱ्या हाताने घाम पुसत होती. चार वाजले तशी ड्रायव्हर हेमसिंगने हॉर्नवर हॉर्न दिले, आणि शेवटी तोही उतरून बोट पुढे करून रांगेत उभा राहिला. गाडी उशिरा निघाली, पण सगळ्यांचं रक्त घेऊन निघाली.

निघताना दुर्गाबाईने सपनाच्या हातात ठेच्याची वाटी दिली.

"तुह्या त्या पेशी काय शिकल्या, ते ह्यात घालून आनजो. रिकामी आनशीन तं पुण्याले येईन."

उत्कर्ष इतकी वर्षं बोलावतो आहे. पहिल्यांदाच ती पुण्याला जायची गोष्ट बोलली.