पोर घरी येते ते पान

आमच्या शेजारचे काका नंदुरबारच्या मिरची बाजारात तोलाईचं काम करतात. घरी आले की हाताला तेल चोळतात, साबणाने धुतात, मगच पुस्तकाला हात लावतात. पुस्तक एकच. लहान मुलांची जुनी कादंबरी, तिच्यात एक मुलगी ढगांपलीकडच्या राज्यात जाते. कादंबरीच्या मिळतील तेवढ्या आवृत्त्यांनी त्यांची फळी भरली आहे. शेजारी खुंटीला त्यांच्या मुलीचं शाळेचं दप्तर आहे. त्याबद्दल गल्लीत कुणी विचारत नाही.

परवा मी माझ्या मुलीसाठी नाशिकहून नवी, रंगीत आवृत्ती आणली आणि काकांना दाखवली. त्यांनी नेहमीसारखा आधी शेवट उघडला. मग मागची दोन-तीन पानं पुन्हा उलटून पाहिली.

"यामा पोर घर येस नही, ताई."

"संक्षिप्त आहे हो, काका."

त्यांनी दप्तरातून एक फाटकी प्रत काढली. तिचं शेवटचं पान जपून सोडवलं आणि कणकेच्या खळीने माझ्या पुस्तकात चिकटवलं.

"आते दे पोरले."

"आणि तुमच्या प्रतीचं काय?"

ती पुन्हा दप्तरात ठेवत ते म्हणाले, "आठे घरमा आते कोन वाचनार शे?"