ओव्हनातला भात

ओव्हनच्या काचेतून बघत होते, तर भातावरचं चीज हळूच फुगायचं आणि परत खाली बसायचं, आणि मला वाटलं, अगं बाई, भात श्वास घेतोय! झालं, हातातलं फडकं तिथंच टाकून पाळण्याकडे धावले. आमचा बाळ्या निमोनियातून उठून कालच दवाखान्यातून घरी आलाय. नाकाखाली बोट धरलं. गरम वारा लागला. मग परत ओव्हनपाशी.

आमचे हे हॉटेलात आचारी आहेत, त्यांनीच शिकवलाय हा भात. इटलीत सिसिली म्हणून बेट आहे, तिथं करतात म्हणे. खाली भात, मधे खिमा-मटार, वर परत भात, आणि सगळं भाजायचं. "मधेच दार उघडू नकोस हं," म्हणाले. पण आतलं करपलं तर कळायचं कसं? आपल्या भाताचं शीत तरी दाबून बघता येतं.

बाळ्या पोटात होता तेव्हाही दिसत नव्हताच की. तेव्हा मी गाढ झोपायचे. आता डोळ्यांसमोर आहे, तर डोळा मिटायची भीती वाटते. असं कसं असतं?

"किती येरझारा घालशील गं?" सासूबाई म्हणाल्या. "त्याला झोपू दे, भाताला शिजू दे."

तेवढ्यात ओव्हनची घंटी टणकन वाजली आणि बाळ्या दचकून रडायला लागला, मोठ्यांदा, न खोकता, एका दमात.

"अगं, घे त्याला!"

"थांबा आई," मी म्हटलं, "जरा रडू द्या. ऐकू द्या मला."