दोन्ही बाजूंच्या सारख्या ओळी

ऑफिसात त्याला सगळे 'तराजू' म्हणायचे, आणि या गृहस्थाला ती थट्टा नाही, पदवी वाटायची. सत्तावीस वर्षं उपसंपादक. बातमी हातात आली की आधी विशेषणं छाटायची, मग पट्टी लावून दोन्ही बाजूंच्या ओळी मोजायच्या. कुठे आग लागली, तर ज्याचं घर जळालं त्याच्या चार आणि आग लागलीच नाही म्हणणाऱ्याच्याही चार. घरीही तीच तऱ्हा. "भाजी कशी झालीय?" असं बायकोने विचारलं, तर म्हणणार, "मुलीला आवडलेली दिसते." बायको कपाळाला हात लावायची.

अशा माणसाच्या डोळ्यांदेखत त्याची बायको जिन्यावरून पडली. तो दोनच पायऱ्या मागे होता. तिने कठडा धरला, कठडा भिंतीतून सुटून तिच्या हातात आला आणि ती थेट खालच्या पायरीवर. मनगट मोडलं. घरमालक मोठा तत्पर. दुसऱ्या दिवशी सकाळीच त्याने कठडा भोकात परत खोचला आणि वरून हिरवा रंग फासून मोकळा झाला.

"आता तरी पेपरात लिहा," बायको प्लॅस्टरमधला हात पुढे करून म्हणाली. "आणखी कुणी पडायची वाट बघताय का?"

लिहिलं बिचाऱ्याने. घरमालकाला फोन केला. जिना भक्कम आहे, असं तो दोन ओळींत म्हणाला. बायकोचं म्हणणं भरलं पाच ओळी. मग तराजूने तिच्या तीन ओळी उडवल्या, आणि उडाल्या त्या नेमक्या कठड्याच्या. स्वतः पाहिलेलं घालावं असं क्षणभर मनात आलंही. पण बाई आपलीच, म्हणजे आपलं पाहणं हे मत झालं, आणि मताला बातमीत थारा नाही. झालं, छापून आलं: जिना भक्कम असल्याचे मालकाचे म्हणणे, पडल्याचा महिलेचा दावा.

"दावा म्हणे," बायको म्हणाली. "मी काय हौसेने प्लॅस्टर घालून बसलेय?"

वरच्या मजल्यावर शाळेतून निवृत्त झालेल्या एक बाई एकट्याच राहायच्या. अपघाताचं कानावर आल्यापासून त्या धास्तीने खाली उतरल्या नव्हत्या. शेजारपाजारच्या बोलण्यात तिखटमीठ फार, असं त्यांचं ठाम मत. भरवसा फक्त छापलेल्यावर. त्यांनी बातमी दोनदा वाचली, पिशवी घेतली आणि कठडा धरून निवांत उतरायला लागल्या.

तराजू दवाखान्यात भेटायला गेला, तेव्हा बाईंचा पाय वर बांधलेला होता. त्याला वर बघवेना.

"मी नीट वाचलं होतं हो," बाई म्हणाल्या. "कठड्याचं त्यात काहीच नव्हतं. मला वाटलं, वहिनींचा पाय घसरला असेल."

"दोन्ही बाजू सारख्या व्हायला हव्या होत्या," तो पुटपुटला.

"तुम्ही तर तिथेच होतात. कठडा निघालेला तुम्ही पाहिलात ना?"

"पाहिला."

"मग लिहिलं का नाहीत?"

त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं. "घाबरलो, बाई," तो म्हणाला. "लोक पक्षपाती म्हणतील म्हणून."

बाईंनी भिंतीकडे तोंड फिरवलं. "म्हणू द्यायचं होतंत. मी आज माझ्या पायांवर उभी असते."