चाळीस माणसांचा मनोरा

आमच्या सुताराला सगळे दादा म्हणत. तीस वर्षं मी त्याच्या हाताखाली लाकडं वाहिली. घाई करताना त्याला कधी पाहिलं नाही.

क्रुसेडवरच्या, म्हणजे जुन्या ख्रिस्ती धर्मयुद्धांवरच्या, एका भव्य सिनेमासाठी आम्ही तटाला भिडवायचा लाकडी मनोरा बांधला. तीन मजले, चार चाकं, वर चाळीस माणसं. चित्रणात दिसलोच तर म्हणून आम्हालाही झगे चढवले होते. माणसं चढण्याआधी दादा सांध्यांत ठोकलेली प्रत्येक पाचर हाताने दाबून बघू लागला. दर पाचरीला देवाचं नाव घ्यायचं, ही त्याची पद्धत. त्यामुळे हात घाई करत नाही, असं तो म्हणे. पाचरी एकशे बारा.

दिग्दर्शक ओरडला, "दादा, ऊन चाललंय! जप घरी करा."

"ऊन उद्या परत येईल. वरच्या माणसांचं काय?"

"जमत नसेल तर दुसरा सुतार आणतो."

"आणा. तोवर माझ्या होतील."

सगळ्या झाल्यावरच त्याने माणसं वर सोडली. मनोरा सात वेळा तटापर्यंत गेला. कुणाला खरचटलंसुद्धा नाही. संध्याकाळी दादाला कामावरून काढलं.

सिनेमा लागल्यावर दादा, वहिनी आणि मी गेलो. नायक आठशे वर्षांपूर्वीचा सरदार, पण बोलणं आजच्या शहाण्यांचं. तळहाताला एक घट्टा नाही. देव मानत नाही, तरी सगळ्यांत पवित्र तोच. ज्याने हात जोडले तो मूर्ख, नाहीतर खाटीक. मग एवढी माणसं शेकडो कोस चालत आली कशाला, हे दिग्दर्शकाला विचारू नये. त्याला चालायची सवय नाही.

मग पडद्यावर दादा दिसला. हात पाचरीवर, ओठ हलताहेत. चोरून टिपलेला. मागे वेडगळ संगीत. लोक खदखदले.

वहिनीने मला कोपराने ढोसलं. "भाऊजी, हे आपलेच ना?"

तेवढ्यात मनोरा कोसळला. संगणकावर पाडलेला. चाळीस माणसं खाली, आणि तटावरून नायक म्हणतो, "त्यांनी प्रार्थना केली. मी विचार केला." टाळ्या.

दादा उभा राहिला. "पडला नव्हता."

"काका, बसा! डोकं मध्ये येतंय!"

"सात वेळा नेला. एक माणूस पडला नाही."

"अहो, सिनेमा आहे तो!"

वहिनी उठली. "नाही बसणार ते. त्यांनी बांधलाय."

मग मीही उठलो. बॅटरी घेऊन आलेल्या माणसाने आम्हा तिघांना बाहेर काढलं. आत नायक अजून बोलतच होता.