बघणाऱ्याचा वाटा

बाबुली हाक मारायचा तेव्हा समुद्रातले बांगडे वाट बदलून गोव्याला जायचे. यात अतिशयोक्ती नाही. बांगड्यांनीच नंतर तशी तक्रार केली. शेवटी किनाऱ्यावरून जाळं ओढणाऱ्या रापणकरांनी त्याला दोरावरून उठवला आणि माडाखाली बसवला.

तिथे त्याने लग्नाच्या शूटिंगचा कॅमेरा लॅपटॉपला जोडला, नेटचा डोंगल माडाला बांधला आणि रापण जगाला दाखवायला लागला. लाइव्ह व्हिडिओच्या वेबसाइटी तेव्हा नव्या होत्या. बघणाऱ्यांची नावं पडद्यावर उमटायची, आणि ती माणसं किनाऱ्यावरच उभी आहेत अशा समजुतीने बाबुली ओरडायचा, "बहारीनवाल्यांनू, वायंच मागे सरा! मस्कतवाल्याक दिसणां नाय!"

तो मस्कतवाला म्हणजे मी.

रापणीचा दोर ओढायला हात लावेल त्याला वाटा, ही आमच्याकडची रीत. बाबुलीने ती ताणून पार आखातापर्यंत नेली. "बघलंस म्हणजे दोराक हात लावलंस!" मी बघितलं की त्या दिवशी माझ्या आईच्या टोपलीत बांगडे पडायचे.

पुढे ज्याच्या त्याच्या हातात फोन आला. जो तो स्वतःलाच दाखवायला लागला. बहारीन गेलं, मुंबई गेली, पडद्यावर माझं एकट्याचं नाव उरलं. तेही नावच. ऑफिसात मी त्या व्हिडिओची खिडकी उघडी ठेवून तिच्यावर कामाची खिडकी पसरायचो. बाबुली मात्र माझ्या एकट्यासाठी तेवढ्याच जोरात ओरडत राहिला.

मग ती वेबसाइटच बंद पडली. बाबुलीला एक फोन करायला हवा होता. नाही केला.

आई मात्र फोनवर सांगतच राहिली, "आज पेडव्यांचो वाटो दिल्यान बाबुलीन. बघलंस मां?"

"बघितलं," मी म्हणायचो.

दोन वर्षांनी रजेवर आलो तेव्हा बाबुली नव्हता. पावसाळ्यात तापाने गेला. मी आईकडे कबूल केलं, की ते केव्हाच बंद झालं होतं.

"म्हायत आसा," आई म्हणाली. "त्येनाच सांगितल्यान. मी म्हटलंय, मगे मासे कित्याक देतंस? तर म्हणता, 'काकी, तो बघितलंय म्हणान सांगता मां? मगे बघता.'"

दुसऱ्या दिवशी सकाळी रापणीच्या दोराला हात लावला. वाट्याला चार बांगडे आले. मागे वळून त्या माडाकडे पाहिलं आणि वायंच बाजूला सरलो.